नाणी तोलणारा गणिती : दामोदर धर्मानंद कोसंबी

आमच्या अभ्यासवर्गात कोसंबी हे नाव निघालं की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर धर्मानंद येतात. ते साहजिक आहे. त्यांचं ‘भगवान बुद्ध’ वाचूनच आपल्यातले कितीतरी जण पाली साहित्याकडे वळले. मुलाचं, म्हणजे दामोदर धर्मानंद कोसंबींचं नाव घेतलंच तर इतिहासकार म्हणून घेतलं जातं. पण हा माणूस पोटापाण्यासाठी आयुष्यभर गणित शिकवत होता, आणि इतिहासाकडे वळला तोही गणिताच्या वाटेने, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. ३१ जुलै ही त्यांची जयंती. त्या निमित्ताने त्यांच्या गणिताबद्दल लिहायचं आम्ही ठरवलं.

आम्ही समाजशास्त्राचे विद्यार्थी, गणिताचं नाव काढलं की पोटात गोळा येणारे. पण वस्त्यांमध्ये सर्वेक्षणं करता करता एक प्रश्न आमची पाठ सोडेना. दोनशे घरांत विचारून मिळालेल्या आकड्यावरून दोन हजार घरांबद्दल किती खात्रीने बोलायचं? आणि त्या आकड्यावरून समोर बसलेल्या एका बाईबद्दल, एका पोराबद्दल काही बोलता येतं का? कोसंबींच्या आयुष्यात हा प्रश्न दोनदा आला. एकदा त्यांनी त्याचं फार सुंदर उत्तर दिलं. दुसऱ्या वेळी ते चुकले, आणि ती चूक त्यांना महागात पडली. आम्हाला दोन्ही सांगायचं आहे.

दामोदर यांचा जन्म १९०७ सालचा, गोव्यातल्या कोसबें इथला. वडील त्याआधीच बुद्धाच्या शोधात घर सोडून काशी, नेपाळ, सिंहल, ब्रह्मदेश असे पायपीट करून आले होते, सिंहलात भिक्खू झाले होते आणि मग पुन्हा संसारात परतले होते. धर्मानंदांची एक सवय मुलात उतरली असं आम्हाला वाटतं. परंपरेने सांगितलेली गोष्ट कितीही गोड असली तरी तिला आधार काय, असं ते विचारत. म्हातारा, आजारी, प्रेत आणि संन्यासी पाहून सिद्धार्थ घराबाहेर पडला ही कथा जुन्या सुत्तांमध्ये विपस्सी बुद्धाच्या नावावर येते, हे दाखवून त्यांनी शाक्य आणि कोलिय यांच्यातल्या रोहिणी नदीच्या पाण्याच्या तंट्याकडे लक्ष वेधलं. बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’मध्ये गृहत्यागाचं कारण म्हणून तोच तंटा मांडला, हे आपल्या वाचकांना सांगायला नको.

धर्मानंद हार्वर्ड विद्यापीठात ‘विसुद्धिमग्ग’च्या संपादनासाठी जात असत. १९१८ साली ते मुलगी माणिक आणि अकरा वर्षांचा दामोदर यांना बरोबर घेऊन गेले. दामोदरचं शालेय शिक्षण अमेरिकेतल्या केंब्रिज गावात झालं आणि १९२९ साली त्याने हार्वर्डची पदवी सर्वोच्च श्रेणीत मिळवली. गणिताबरोबर ग्रीक, लॅटिन, फ्रेंच, जर्मन अशा भाषाही त्याने आत्मसात केल्या. पुढे जगप्रसिद्ध झालेला नॉर्बर्ट वीनर हा तिथला त्याचा मित्र.

परत आल्यावर बनारस हिंदू विद्यापीठ, मग अलीगढ. अलीगढला आंद्रे व्हेल या तरुण फ्रेंच गणितज्ञाने बोलावलं होतं. त्याच्याच सांगण्यावरून कोसंबींनी एका निबंधात बुरबाकी नावाच्या, मुळात नसलेल्याच गणितज्ञाचा हवाला दिला. पुढे फ्रान्समधल्या गणितज्ञांच्या एका गटाने तेच नाव घेऊन मोठं काम केलं. हा थट्टेखोरपणा कोसंबींच्या स्वभावात शेवटपर्यंत राहिला, आणि त्याने त्यांचे शत्रूही बरेच केले.

१९३३च्या सुमारास ते पुण्यात फर्ग्युसन कॉलेजात आले. तिथल्या बारा वर्षांत त्यांना संभाव्यतेच्या शास्त्राचा, म्हणजे आपण सांख्यिकी म्हणतो त्याचा नाद लागला. सांख्यिकी पुस्तकातून शिकण्यापेक्षा एखादा खरा प्रश्न हातात घेऊन शिकावी असं त्यांनी ठरवलं. सुरुवात झाली विद्यार्थ्यांच्या परीक्षेतल्या गुणांपासून. आणि मग आली नाणी.

तक्षशिलेच्या भीर टेकाडात १९२४ साली चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला होता. त्यात हजाराहून अधिक आहत नाणी होती. आहत नाणी म्हणजे चांदीच्या पत्र्याचे तुकडे कापून त्यांवर ठसे मारलेले कार्षापण. बुद्धाच्या काळानंतरच्या शतकांतला व्यापार या नाण्यांवर चालला. अडचण अशी की त्यांच्यावर ना राजाचं नाव, ना साल. सूर्य, चक्र, प्राणी, टेकडी अशा खुणा तेवढ्या. कुठलं आधीचं आणि कुठलं नंतरचं हे कसं ठरवायचं? जाणकार खुणांचे अर्थ लावत बसले होते आणि प्रत्येकाचा अर्थ वेगळा होता.

कोसंबींनी तराजू घेतला. त्यांचा विचार साधा होता. नाणं हातोहात फिरतं तेव्हा झिजतं. जितकं जास्त वर्षं फिरेल तितकी त्याची चांदी कमी होणार. मग वजन हेच त्याचं वय. पण लगेच अडचण उभी राहते. टांकसाळीतून निघतानाच दोन नाणी अगदी सारख्या वजनाची नसतात. एखादं वर्षानुवर्षं मडक्यात पडून राहतं, एखादं बाजारात रोज फिरतं. म्हणून एक नाणं हातात घेऊन हे त्या दुसऱ्यापेक्षा जुनं आहे असं म्हणता येत नाही. हलकं नाणं नवंही असू शकतं.

इथेच त्यांचं गणित कामाला आलं. एका नाण्याबद्दल बोलता येत नसलं तरी एकाच ठशाच्या शंभर नाण्यांच्या सरासरीबद्दल बोलता येतं. सरासरी वजन हळूहळू घटत जातं आणि वजनांतली तफावत वाढत जाते. हे खरंच घडतं का, हे पाहण्यासाठी त्यांनी स्वतःच्या काळातली, चलनात असलेली नाणी गोळा केली. त्यांवर साल छापलेलं असतं, त्यामुळे उत्तर पडताळता येतं. हजारो नाणी एकेक करून तोलली. आम्ही हे वाचलं तेव्हा पहिल्यांदा हसू आलं. कॉलेजातला गणिताचा प्राध्यापक संध्याकाळी सुट्ट्या नाण्यांचा ढीग समोर घेऊन बसला आहे! मग लक्षात आलं की हे किती कंटाळवाणं आणि किती प्रामाणिक काम आहे.

पडताळणी झाल्यावर ते तक्षशिलेच्या साठ्याकडे गेले. त्या नाण्यांच्या मागच्या बाजूला बारीक खुणा आढळतात, कुणाच्या पाठीवर एक तर कुणाच्या पाठीवर अनेक. कोसंबींना दिसलं की मागच्या खुणा जशा वाढतात तसं सरासरी वजन घटतं. त्यांनी त्याचा अर्थ असा लावला की व्यापारी किंवा त्यांची श्रेणी ठरावीक काळाने नाणी तपासून खूण करत असावी. ज्या खुणांना कुणी विचारतही नव्हतं त्या मोजून काळाचा क्रम हाती आला. १९४०-४१ साली हे निबंध प्रसिद्ध झाले.

नंतर त्याच क्रमावर त्यांनी राजांची नावं बसवली. हा ठसा शिशुनागांचा, हा नंदांचा, हा अशोकाचा. त्यांतल्या सगळ्या जोड्या पुढच्या नाणकशास्त्रज्ञांनी मान्य केलेल्या नाहीत. वजन क्रम सांगतं, मालकाचं नाव सांगत नाही. आम्हाला वाटतं, पुढच्या चुकीची चाहूल इथेच लागते.

पण एका नाण्याबद्दल काही सांगता येत नाही, हे वाक्य आम्ही वहीत लिहून ठेवलं आहे, त्याचं कारण नाण्यांशी संबंधित नाही. १८७१ साली इंग्रज सरकारने गुन्हेगार जमातींचा कायदा केला. अख्ख्या जमातीवर शिक्का मारला आणि त्या जमातीत जन्मलेलं प्रत्येक मूल संशयित ठरवलं. पुण्यात कोसंबींच्या घराच्या आसपास फासेपारध्यांची पालं पडत. कोसंबी त्यांच्यात जाऊन बसत, त्यांच्या चालीरीती टिपून घेत, आणि प्राचीन समाज समजून घ्यायला त्या नोंदी वापरत. तो कायदा १९५२ साली रद्द झाला. तरी आजही आसपास कुठे चोरी झाली की पोलिसांची गाडी आधी पारधी वस्तीवर येते, हे आम्ही कामात पाहतो. गटाच्या नावाने माणसाला पकडायचं, हे वाईट अंतःकरण तर आहेच, पण ते वाईट गणितही आहे. आपण ही दुसरी बाजू फारशी बोलत नाही.

पुस्तकांच्या बाबतीतही कोसंबींनी हीच शिस्त लावली. भर्तृहरीच्या नावावर शेकडो श्लोक फिरत होते. त्यांनी साडेतीनशेहून अधिक हस्तलिखितं तपासली आणि १९४८ साली श्लोकांचे तीन गट पाडून छापले. सगळ्या पाठपरंपरांत सापडतात ते सुमारे २०० श्लोक पहिल्या गटात, काहींत सापडतात ते दुसऱ्यात, आणि एखाददुसऱ्या पोथीत आढळतात ते तिसऱ्यात. खरे आणि खोटे असे दोनच ढीग त्यांनी केले नाहीत. बुद्धवचन म्हणून मोबाइलवर रोज जे काही येतं, त्याचे असे तीन गट पाडायला बसलो तर पहिल्या गटात किती उरेल, याची आम्हाला धास्ती वाटते.

फर्ग्युसनच्याच काळात त्यांनी आणखी दोन गोष्टी केल्या. १९४३ साली सांख्यिकीत एक पद्धत मांडली, जी आज चित्रं आणि आवाज कमी जागेत साठवण्यापासून अनेक कामांत वापरली जाते, पण बहुधा इतर दोन परदेशी गणितज्ञांच्या नावाने. १९४४ साली गुणसूत्रावरच्या जनुकांमधलं अंतर काढण्याचं सूत्र दिलं. ते मात्र जगभर कोसंबींच्याच नावाने चालतं. पिकांच्या जातींवर काम करणाऱ्या कृषी विद्यापीठातल्या कुणालाही विचारून पाहा.

१९४५ साली होमी भाभांनी त्यांना मुंबईत नव्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत बोलावलं. कोसंबी पुण्यातच राहिले. डेक्कन क्वीनने रोज ये-जा करत. सुट्टीच्या दिवशी टेकड्या पालथ्या घालायच्या, सूक्ष्म दगडी हत्यारं वेचायची, धनगरांच्या वाटा शोधायच्या. कार्ल्याच्या लेण्यातले दात्यांचे लेख त्यांनी पुन्हा बारकाईने वाचले. धेनुकाकट गावचे यवन, दार घडवणारा सुतार, वैजयंतीचा श्रेष्ठी, अशी माणसं त्या दगडावर आहेत. कोसंबींनी दाखवलं की ही विहारं घाटावरून कोकणात उतरणाऱ्या व्यापारी वाटांवर आहेत, आणि भिक्खुसंघाचं वैभव व त्याची उतरती कळा या दोन्हींचा त्या वाटांशी संबंध आहे.

कार्ल्याच्या दारातच एकवीरेचं देऊळ आहे. आपल्यातले बहुतेक जण ते पाहून एकच निष्कर्ष काढतात की लेणं आपलं, देऊळ नंतर घुसवलेलं. कोसंबींनी वेगळी शक्यताही पुढे ठेवली. जुन्या वाटा जिथे मिळतात तिथे मातृदेवतांची ठाणी लेण्यांच्याही आधीपासून असावीत, आणि भिक्खूंनी मुद्दाम तशाच जागा निवडल्या असाव्यात. आजची वास्तू नंतरची असेल, पण जागेचं पावित्र्य कदाचित आधीचं असेल. हे वाचून आमच्या एका गटात मोठा वाद झाला होता. कोसंबी आपल्या बाजूचे की विरुद्ध, असं विचारलं गेलं. ते बौद्ध नव्हते, मार्क्सवादी होते आणि पुराव्याच्या बाजूचे होते. त्यांचं हे मतही पुराव्याने खोडता येईल. भावना दुखावल्या म्हणून खोडता येणार नाही.

आता ती चूक.

मूळ संख्या आपण शाळेत शिकलो. २, ३, ५, ७, ११ अशा, ज्यांना १ आणि स्वतःखेरीज कुणी भागत नाही. १०० पर्यंत त्या २५ आहेत, १००० पर्यंत १६८. पुढे त्या विरळ होत जातात, पण कसलाच ठोकळ नियम दिसत नाही. तरीही एका सूत्राने अंदाज बांधता येतो. १० लाखांपर्यंत मूळ संख्या आहेत ७८,४९८ आणि सूत्र सांगतं सुमारे ७८,६२८. फरक फक्त १३०. हा फरक पुढे किती वाढू शकतो, याबद्दल जर्मनीच्या रीमानने १८५९ साली एक अटकळ मांडली. सोप्या शब्दांत तिचं म्हणणं असं की फरक साधारण तितकाच राहतो जितका नाणं उडवण्याच्या खेळात राहतो. दहा हजार वेळा नाणं उडवलं तर छापा बरोबर पाच हजार वेळा येणार नाही, पण पन्नासेक इकडे-तिकडे एवढाच फरक बहुधा पडेल. मूळ संख्यांचंही तसंच आहे, असं ही अटकळ सांगते. तिला रीमानचं गृहीतक म्हणतात, आणि गणितातला हा सगळ्यांत अवघड प्रश्न मानला जातो.

कोसंबींना त्यात ओळखीचा चेहरा दिसला असणार. वरवर बेशिस्त दिसणारी गोष्ट, आणि समूह म्हणून पाहिली की शिस्त. त्यांनी संख्यारेषेचे योग्य लांबीचे तुकडे पाडले, त्यांत मूळ संख्या किती पडतात ते पाहिलं, आणि त्या संभाव्यतेच्या नियमाने पडतात असं मांडलं. त्यावरून रीमानचं गृहीतक सिद्ध होतं, असा दावा त्यांनी १९५९ साली केला. तोही कृषी सांख्यिकीच्या एका नियतकालिकात, जिथे संख्याशास्त्राचे हे धुरंधर फिरकतही नाहीत.

चूक कुठे होती? संभाव्यतेचा नियम असं सांगतो की यदृच्छेने तयार झालेल्या जवळजवळ सगळ्या मालिका अशा वागतील. पण मूळ संख्यांची मालिका यदृच्छेने तयार झालेली नाही. ती एकच आहे आणि ठरलेली आहे. जवळजवळ सगळ्यांत ती बसते की उरलेल्या अपवादांत, हे नियम सांगू शकत नाही. म्हणजे ज्या माणसाने एका नाण्याबद्दल बोलायचं नाही असा दंडक घालून दिला, त्यानेच समूहाचा नियम एकुलत्या एका नाण्याला लावला.

यावर कुणी म्हणेल की अब्जावधी उदाहरणं तपासून पाहिली आणि सगळी जुळली तर काय वाईट? गणितज्ञ बिचकतात त्याला कारण आहे. वर १० लाखांच्या उदाहरणात सूत्राचा अंदाज खऱ्या आकड्यापेक्षा जास्त निघाला. आजवर जिथे जिथे मोठ्या टप्प्यांवर मोजणी झाली आहे तिथे तिथे अंदाज जास्तच निघाला. लिटलवूड नावाच्या इंग्रज गणितज्ञाने मात्र १९१४ साली सिद्ध केलं की पुढे कुठेतरी तो कमी पडतो, आणि पुन्हा पुन्हा कमी पडतो. ती जागा इतकी दूर आहे की तिथपर्यंत मोजत जाणं कुणालाच जमलेलं नाही. डोळ्यांसमोरचा सगळा पुरावा एका बाजूला आणि सत्य दुसऱ्या बाजूला, असं खरोखर होऊ शकतं. हे आम्हाला समजलं त्या रात्री आम्ही बराच वेळ गप्प बसलो होतो.

कोसंबींना हे उदाहरण माहीत नसेल असं शक्य नाही. मग असं का झालं? आम्हाला वाटतं, एकटेपणामुळे. इतिहासकार त्यांना गणिती समजत, गणिती त्यांना इतिहासात रमलेला म्हणून टाळत. छापण्याआधी निबंध पुढ्यात घेऊन ही पायरी निसटली आहे असं तोंडावर सांगणारं माणूस त्यांच्याजवळ उरलं नव्हतं. त्यांचा तिखट स्वभावही त्याला जबाबदार होता. संघात भिक्खू एकमेकांना दोष दाखवण्याची विनंती करतात, पवारणेचा तो विधी आपण वर्षावासाच्या शेवटी पाळतो. कोसंबींच्या संस्थेत, आणि खरं सांगायचं तर आपल्या संघटनांतही, तसं कुणी कुणाला विनवत नाही.

निबंधाची टवाळी झाली. भाभांशी त्यांचं आधीच बिनसलं होतं. अणुशक्तीपेक्षा सूर्याची ऊर्जा भारताला परवडेल, असं कोसंबी उघड बोलत. ते पुण्याच्या एका सभेत १९६० साली बोलले तेव्हा ते वेडगळ वाटलं असेल. आज गावागावात सौरपंप बसले आहेत. १९६२ साली संस्थेने त्यांचा करार पुढे वाढवला नाही. सोळाहून अधिक वर्षांची नोकरी गेली. याला रीमानचा निबंध हे एक कारण होतं, राजकारण हेही होतं.

त्यांनी हट्ट सोडला नाही. मूळ संख्यांच्या वाटणीवर १९६३ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीच्या नियतकालिकात त्यांचा एक निबंध आला. त्यात दावा आधीपेक्षा सावध होता. १९६५ साली प्राचीन भारताच्या संस्कृतीवरचं त्यांचं पुस्तक निघालं, तेच आज सगळ्यांत जास्त वाचलं जातं. २९ जून १९६६ला पुण्यात झोपेतच त्यांचं निधन झालं. वय अठ्ठावन्न. त्यांची मुलगी मीरा कोसंबी पुढे समाजशास्त्रज्ञ झाल्या, आणि धर्मानंदांचं लेखन त्यांनी इंग्रजीत आणलं. एम.ए.ला त्यांची पुस्तकं वाचताना हे घराणं आम्हाला कळलं, आजोबांकडून नव्हे तर नातीकडून.

रीमानचं गृहीतक अजून तिथेच आहे. संगणकांनी त्याची अब्जावधी उदाहरणं तपासली आहेत आणि एकही चुकीचं निघालेलं नाही. कोसंबींचा निष्कर्ष बरोबर असण्याची शक्यता मोठी आहे, पुरावा मात्र त्यांच्याकडे नव्हता. २००० साली अमेरिकेतल्या क्ले संस्थेने या सिद्धतेसाठी दहा लाख डॉलरचं बक्षीस लावलं. ते अजून कुणी नेलेलं नाही.